आठ निघाली, सहा पाहिजे होती, पाच उरली

गेल्या रविवारी आमच्या गावातल्या भरती अकॅडमीत गेलो होतो. पोरं सोळाशे मीटर मारून आली होती आणि लिंबाच्या झाडाखाली बसून भिजवलेले हरभरे खात होती. अकॅडमी चालवणारा पोरगा माझ्याच एका जुन्या सोबत्याचा मुलगा, त्यानं सांगितलं, काका आज पोरांशी जरा बोला. म्हणलं बोलतो. विचारा काय विचारायचं ते. तर पहिला प्रश्न आला, काका पॅरा एसएफमध्ये, म्हणजे आपल्या आर्मीच्या पॅरा कमांडोत, जायला काय करायला लागतं. दुसरा प्रश्न, प्रोबेशनमध्ये, म्हणजे कमांडो निवडीच्या कसोटीत, किती दिवस झोपू देत नाहीत. तिसरा, कमांडोंचा तो बलिदान बॅज कधी मिळतो. अर्धा पाऊण तास हेच चाललं आणि मला ते आवडलंसुद्धा, कारण एकोणीस वर्षाच्या पोरानं असंच विचारलं पाहिजे. पण मी स्वतः ईएमईचा माणूस, म्हणजे आर्मीची यंत्रं दुरुस्त करणाऱ्या विभागातला. सगळी नोकरी हेलिकॉप्टरच्या पोटाखाली गेली, चीता आणि चेतकवर, हातात पाना आणि नखात ग्रीस, आणि निवृत्त होऊनही आता बरीच वर्षं झाली. त्यामुळं परत येताना सारखं वाटत राहिलं की त्या कमांडोला तिथपर्यंत नेतं कोण, त्याचं तेल कोण भरतं, ज्या जहाजात तो बसतो ते उडायच्या लायकीचं आहे असं लिहून खाली सही कोण करतं, हे एकानंही विचारलं नाही. (आम्ही हेलिकॉप्टरला पण जहाजच म्हणायचो, ती सवय जात नाही.) म्हणून हे लिहितोय. पोरांना लिंक पाठवणार आहे, वाचतील तेवढी वाचतील.

यासाठी मला सगळ्यात जवळची वाटणारी गोष्ट आपल्या देशातली नाही, अमेरिकेची आहे, आणि ती फसलेली मोहीम आहे. ऑपरेशन ईगल क्लॉ. २४ एप्रिल १९८०.

थोडक्यात मागची गोष्ट. ४ नोव्हेंबर १९७९ ला तेहरानमध्ये अमेरिकेच्या वकिलातीत विद्यार्थी घुसले आणि तिथल्या लोकांना ओलीस धरलं. पन्नासच्या वर माणसं महिनोन्महिने अडकून पडली, बोलणी होईनात, शेवटी प्रेसिडेंट कार्टरनी सैनिकी सुटकेला हो म्हणलं. आता अडचण बघा. तेहरान समुद्रापासून लांब, देशाच्या पार आत, मधे डोंगर आणि वाळवंट. शेजारचा एकही देश उघड मदत करणारा नाही. विमान थेट तेहरानला उतरवता येत नाही आणि हेलिकॉप्टरला एका दमात तेवढं तेल पुरत नाही. म्हणजे वाटेत कुठंतरी वाळवंटात थांबून अंधारात तेल भरायचं, मग पुढं जायचं.

तर प्लॅन असा होता की यूएसएस निमित्झ या विमानवाहू जहाजावरून आठ आरएच-५३डी हेलिकॉप्टरं निघणार. ओमानच्या मसिराह बेटावरून सहा सी-१३० विमानं निघणार, त्यातल्या तीनमध्ये डेल्टा फोर्सची, म्हणजे अमेरिकी आर्मीच्या कमांडो तुकडीची, माणसं आणि सामान, बाकी तीनमध्ये तेलानं भरलेल्या मोठ्या रबरी पिशव्या. दोन्ही जण इराणच्या वाळवंटात तबस गावाच्या बाजूला एका सपाट जागी भेटणार, तिचं नाव ठेवलं होतं डेझर्ट वन. तिथं हेलिकॉप्टरात तेल भरायचं, डेल्टाची माणसं हेलिकॉप्टरात चढवायची, रातोरात तेहरानच्या जवळ डोंगरात नेऊन सोडायची, दिवसभर लपून बसायचं, दुसऱ्या रात्री ट्रकमधून शहरात जायचं, वकिलातीत घुसायचं, ओलीस बाहेर काढायचे, समोरच्या फुटबॉल स्टेडियममध्ये हेलिकॉप्टरं बोलवायची, तिथून मंझरियेच्या एअरफील्डवर, जे तोपर्यंत रेंजर्सनी (आर्मीचीच दुसरी खास तुकडी) ताब्यात घेतलेलं असणार, आणि तिथून मोठ्या सी-१४१ विमानांनी देशाबाहेर. एवढी कडी लागलेली. एक कडी सुटली की पुढचं सगळं गेलं.

आणि हेही सांगतो की तयारी कमी होती असं कुणी म्हणू नये. डेझर्ट वनची जमीन विमानाचं वजन घेईल का हे बघायला मोहिमेच्या आधी काही आठवडे एक छोटं विमान रात्रीत तिथं उतरवलं होतं. त्यातून आलेल्या एअरफोर्सच्या जॉन कार्नी नावाच्या अधिकाऱ्यानं एकट्यानं मातीचे नमुने घेतले, लांबूनच्या रिमोटनं पेटवता येतील असे दिवे जमिनीत पुरले आणि परत आला. मोहिमेच्या रात्री तेच दिवे लावून पहिलं सी-१३० उतरलं. तेहरानमध्ये रिचर्ड मेडोज नावाचा स्पेशल फोर्सेसचा निवृत्त अधिकारी बनावट ओळखीनं जाऊन राहिला होता, ट्रकची सोय, रस्त्यांची पाहणी हे बघत होता. हे जे काम आहे ना, माती तपासणं आणि ट्रक शोधणं, त्याच्यासाठी कुणी छाती ठोकत नाही. पण मला विचाराल तर त्या अख्ख्या मोहिमेत सगळ्यात चोख झालेलं काम हेच.

आता हेलिकॉप्टरं. इथं माझा जीव अडकतो.

आरएच-५३डी हे मुळात समुद्रातले सुरुंग काढायचं हेलिकॉप्टर. ते का निवडलं तर लांब पल्ला, वजन उचलायची ताकद, पाती आणि शेपूट दुमडून जहाजाच्या पोटात मावतं, आणि विमानवाहू जहाजावर सुरुंग काढणारी हेलिकॉप्टरं दिसली तर कुणाला शंका येत नाही. कारणं सगळी पटण्यासारखी आहेत. पण चालवणार कोण. आधी नेव्हीचे पायलट घेतले, त्यांना समुद्रावर सुरुंगाची जाळी ओढायची सवय, रात्री वाळवंटात जमिनीलगत उडायची नाही, म्हणून बहुतेकांना बदलून मरीनचे, म्हणजे अमेरिकेच्या त्या वेगळ्या दलाचे, पायलट आणले. म्हणजे मशीन नेव्हीचं, चालवणारा मरीनचा, तेल देणारा एअरफोर्सचा आणि आत बसणारा आर्मीचा. चार घरची माणसं. आणि या चौघांनी मिळून डेझर्ट वनची पूर्ण तालीम, सगळी विमानं सगळी हेलिकॉप्टरं एकत्र आणून, एकदाही केली नव्हती. तुकड्या तुकड्यांनी केली, अमेरिकेतल्या वाळवंटात भरपूर केली, पण एकत्र नाही. गुप्तता फुटेल म्हणून.

गणित असं मांडलं होतं की माणसं आणि सामान न्यायला डेझर्ट वनवरून कमीत कमी सहा हेलिकॉप्टरं पुढं गेली पाहिजेत. मग पाठवली आठ. दोन जास्तीची.

हा आकडा मी पहिल्यांदा वाचला तेव्हाच पोटात गोळा आला, कारण आम्हाला शेडमध्ये रोज सकाळी हाच प्रश्न असायचा, आज किती सर्व्हिसेबल, म्हणजे उडायच्या लायकीची. कागदावर एवढी असली तरी उडायला तेवढी नसतात. एकाचे तपासणीपर्यंतचे उड्डाणाचे तास भरलेले असतात, एकाचं पार्ट आलेलं नसतं, एक कालच खालून आलंय आणि व्हायब्रेशन जास्त आहे म्हणून पायलट साहेबांनी लिहून दिलंय. आणि इथं तर हजार किलोमीटरच्या वर, रात्री, खाली खाली उडत, रेडिओ बंद ठेवून, सहाएक तासांचा प्रवास. परवा पुतण्याला कॅल्क्युलेटर घेऊन बसवलं. समजा एक मशीन नीट पोचायची शक्यता चारातली तीन धरली. आठ पाठवली तर सहा किंवा जास्त पोचायची शक्यता शंभरात ६८. दहा पाठवली तर ९२. बारा पाठवली तर ९८ च्या वर. नुसती दोन मशीन वाढवली आणि ६८ चं ९२ झालं. हे आमचं गृहीत धरलेलं गणित आहे, त्यांचा खरा हिशोब वेगळा असणार, पण पुढं ॲडमिरल हॉलोवेंच्या अध्यक्षतेखाली जी चौकशी समिती बसली तिनंही हेच म्हणलं की निदान दहा तरी हवी होती, बारापर्यंत न्यायला हरकत नव्हती आणि निमित्झवर तेवढी जागा होती.

त्या रात्री काय झालं ते क्रमानं सांगतो.

निघून दोनेक तास झाले असतील, एका हेलिकॉप्टरमध्ये ब्लेडचा वॉर्निंग दिवा लागला. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो, त्या ब्लेडच्या मधला मुख्य दांडा पोकळ असतो आणि त्यात दाबानं नायट्रोजन भरलेला असतो. दांड्याला बारीक तडा गेला तर गॅस निसटतो, दाब कमी होतो आणि कॉकपिटमध्ये दिवा लागतो. आपल्या एअरफोर्सच्या एमआय-१७ च्या ब्लेडलाही गॅसच्या दाबावरून तडा ओळखायची अशीच सोय असते. फार हुशार सोय आहे. पण गॅस तड्यातूनच निसटतो असं नाही, सीलमधून निसटतो, व्हॉल्व्हमधून निसटतो. दिवा दोन्ही वेळेला तोच. तर त्या क्रूनं हेलिकॉप्टर वाळवंटात उतरवलं, ब्लेडवरचा इंडिकेटर बघितला, दाब खरंच गेलेला, त्यांच्या पुस्तकात लिहिलेलं की अशा ब्लेडवर उडायचं नाही. त्यांनी मशीन तिथंच सोडलं, मागून येणाऱ्या दुसऱ्या हेलिकॉप्टरनं त्यांना उचललं. आठाची सात झाली.

नंतर समजलं की या आरएच-५३ वर असा दिवा लागून खरोखर तडा निघाल्याचा अनुभव नव्हता, आणि काही तास तसं उडवता आलं असतं असं जाणकारांचं मत पडलं. एअरफोर्सकडं त्याच जातीच्या हेलिकॉप्टरांचा मोठा अनुभव होता, पण तो या मरीन पायलटांपर्यंत पोचलाच नव्हता. मग लोक त्या क्रूला नावं ठेवतात. मी ठेवणार नाही.

याचं कारण माझं स्वतःचं आहे, ते आता सांगतोच. वर उत्तरेला एका हेलिपॅडवर होतो, हिवाळा होता, मी तेव्हा नाईक. संध्याकाळी काम आटोपून टूल काउंट घेतला तर एक छोटा स्क्रूड्रायव्हर कमी. टूल कमी म्हणजे जहाज अनसर्व्हिसेबल, कारण तो कुठं कंट्रोल रॉडच्या फटीत पडला असेल तर वर गेल्यावर कंट्रोल अडकणार. आम्ही शोधायला लागलो आणि पंधरा मिनिटांत पुढच्या पोस्टवरून निरोप आला, एक जवान आजारी आहे, पाय गारठून गेलेत, अंधार पडायच्या आत काढायला पाहिजे. साहेब माझ्याकडं आले, म्हणाले काय म्हणतोस. मी म्हणलं साहेब, टूल सापडल्याशिवाय मी सही करणार नाही. ते काही बोलले नाहीत, एक मिनिटभर उभे राहिले आणि दुसऱ्या हेलिपॅडवरून जहाज मागवायला गेले. ते आलं, त्या जवानाला घेऊन गेलं, पण तासभर उशिरा. आमचा स्क्रूड्रायव्हर नंतर सापडला. माझ्याच जोडीदाराच्या पार्काच्या फाटलेल्या अस्तरात घसरून गेला होता. म्हणजे जहाज ठीक होतं. उडालं असतं तर काहीही झालं नसतं. त्या जवानाच्या पायाची दोन बोटं गेली, ती त्या तासाभरात गेली का आधीच गेली होती हे डॉक्टर पण सांगू शकले नाहीत. मी चुकलो नाही असं सगळे म्हणाले. साहेब पण म्हणाले. तरी ते दोन बोटांचं माझ्या डोक्यातून आजपर्यंत गेलेलं नाही आणि उद्या तीच वेळ आली तर मी तेच करीन. म्हणून त्या क्रूविषयी मला एवढंच वाटतं की जे त्यांना माहीत होतं त्यावर त्यांनी बरोबर केलं, आणि जे त्यांना माहीत असायला पाहिजे होतं ते दुसऱ्या कुणाच्या तरी कपाटात कुलपात होतं.

पुढं. धूळ. इराणच्या वाळवंटात कधी कधी धूळ हवेत तशीच लटकून राहते, वादळासारखी घोंगावत येत नाही, पिठाच्या गिरणीत जसं असतं तसं, वारा नाही पण समोरचं दिसत नाही. हेलिकॉप्टरं त्यात घुसली. पायलटांना याची कल्पनाच नव्हती. आणि मला सगळ्यात लागलेली गोष्ट ही की हवामानवाल्यांच्या कागदात ती होती. मोहिमेच्या हवामानाच्या परिशिष्टात अशी धूळ त्या भागात किती वेळा येते त्याचा तक्ता होता. पण गुप्ततेसाठी हवामानाचे अधिकारी आणि पायलट यांची थेट गाठ घालून दिली नव्हती, मधल्या माणसामार्फत निरोप जायचा, त्यात तो तक्ता पायलटांपर्यंत आलाच नाही. पुढं गेलेल्या सी-१३० ला तो ढग आधी लागला होता, पण तिथून मागच्यांपर्यंत निरोप पोचला नाही. दोन तीन तास ते लोक डोळ्यासमोर काही न दिसता नाइट व्हिजन गॉगल लावून उडवत राहिले. एकमेकांची साथ सुटली.

त्यात अजून एका हेलिकॉप्टरचं इन्स्ट्रुमेंट गेलं. कूलिंग बंद पडून आतली उपकरणं तापली, आणि त्याचं कारण असं सांगितलं जातं की हवा खेळायच्या जागेवर कुणीतरी सामान ठेवलं होतं. मशीन सरळ आहे का कललंय ते दाखवणारा जायरो नाही, बाहेर काही दिसत नाही, पुढं डोंगर. पायलट माघारी फिरला आणि निमित्झवर परत गेला. डेझर्ट वनवर आभाळ स्वच्छ होतं. त्याला ते माहीत असतं तर अजून थोडा वेळ तो रेटत गेला असता, त्यानंच पुढं तसं म्हणून ठेवलंय. पण रेडिओ बंद. कोण सांगणार. सातची सहा झाली.

सहा पोचली, तासाभराच्या आसपास उशिरा, एकामागून एक, वेगवेगळ्या दिशेनं. तोपर्यंत डेझर्ट वनवर पण गोंधळ झालेला. ती जागा एका कच्च्या रस्त्याला लागून होती आणि पहिलं विमान उतरल्याबरोबर एक प्रवासी बस आली, चव्वेचाळीस माणसं आत. त्यांना थांबवून ठेवलं. मग एक पेट्रोलचा टँकर आला, तो थांबेना म्हणून रॉकेट मारलं, तर त्याचा जाळ कितीतरी लांबून दिसेल असा.

आणि तिथं पोचलेल्या सहांपैकी एकाचा हायड्रॉलिक पंप गेला होता. दोन सिस्टिम असतात, एक गेली तरी दुसरीवर उडतं, पण दुसरी पण गेली तर कंट्रोल दगडासारखे होतात. तेवढी माणसं आणि तेवढं तेल भरून तसल्या मशीनमध्ये पुढं जायचं नाही असं हेलिकॉप्टरच्या कमांडरनं ठरवलं. सहाची पाच झाली. डेल्टाचा प्रमुख कर्नल चार्ली बेकविथ, त्यानं पाचवर जायला नकार दिला. पाचवर जायचं म्हणजे वीसेक माणसं मागं ठेवायची, आणि वकिलातीत किती माणसं पाहिजेत ते तो कित्येक महिने मोजत होता, त्यातलं कुणाला ठेवणार, आणि उद्या तेहरानजवळ अजून एक बंद पडलं तर. वरून कार्टरनी मान्य केलं. परत फिरा.

इथपर्यंत अमेरिकेचा एकही माणूस मेलेला नव्हता.

परत फिरायचा प्लॅन नीट कुणी बसवलेलाच नव्हता, निदान त्या जागेवरून, त्या अवस्थेत नाही. अंधार, सगळी इंजिनं चालू, आवाजात बोललेलं ऐकू येत नाही, डेल्टाचा प्रमुख वेगळा, विमानांचा वेगळा, हेलिकॉप्टरांचा वेगळा, सगळ्यांचा वरिष्ठ जनरल वॉट तिकडं इजिप्तमध्ये, आणि जमिनीवर कोण काय आहे ते ओळखायला अंगावर काही खूण नाही. ऑर्डर देणारा कोण आहे तेच पायलटला कळत नव्हतं हे त्या चौकशीत लिहिलेलं आहे. एका हेलिकॉप्टरला तेलाच्या विमानामागून बाजूला घ्यायचं होतं. ते हवेत उचललं, खालून धुळीचा लोट उठला, पायलटला बघायला जमिनीवरचा फक्त मार्शलर, म्हणजे खुणा करून दिशा दाखवणारा माणूस, दिसत होता. तो मार्शलर धूळ टाळायला मागं सरकला. पायलटला वाटलं आपणच मागं चाललोय, त्यानं पुढं दाबलं. मी मार्शलिंग केलंय, मला हे वाचताना अंगावर काटा येतो, कारण त्या वेळी पायलटचे डोळे म्हणजे तुम्ही असता, तुम्ही एक पाऊल हललात की त्याचं जग हलतं. हेलिकॉप्टरची पाती सी-१३० ला लागली आणि दोन्ही पेटली. त्या विमानात तेल होतं आणि परत निघालेली डेल्टाची माणसंही बसलेली होती. ती दारातून उड्या मारून बाहेर पडली.

आठ जण गेले. पाच एअरफोर्सचे, त्या तेलाच्या विमानातले. तीन मरीन, त्या हेलिकॉप्टरमधले. पोरांनो हे नीट वाचा, डेल्टा फोर्सचा त्यात एकही नव्हता. गोळी चालवायला गेलेले सगळे परत आले, तेल द्यायला आणि उडवायला गेलेले आठ तिथं राहिले.

उरलेली हेलिकॉप्टरं तिथंच टाकून सगळे सी-१३० मधून निघाले. ओलीस पुढं २० जानेवारी १९८१ ला बोलणी होऊन सुटले, ४४४ दिवसांनी.

चौकशी समितीनं तेवीस मुद्दे काढले. त्यातून पुढं जे झालं ते मोठं आहे. रात्री, खालून, स्पेशल फोर्सेसला नेण्यासाठी आर्मीनं हेलिकॉप्टरांची वेगळी तुकडी उभी केली, तीच आज १६० वी म्हणून ओळखली जाते, नाइट स्टॉकर्स. आणि १९८७ मध्ये सगळ्या दलांच्या स्पेशल फोर्सेससाठी एकच कमांड झाली. २ मे २०११ ला अबोटाबादमध्ये बिन लादेनच्या घरी जी हेलिकॉप्टरं गेली ती याच १६० व्या तुकडीची. तिथंही एक ब्लॅक हॉक पडलंच की. सरावासाठी अमेरिकेत त्या घराची हुबेहूब जागा बांधली होती पण भिंतींच्या ठिकाणी तारेची जाळी लावली होती, जाळीतून हवा निघून जाते, खऱ्या भिंतीतून जात नाही. पंख्याची हवा भिंतीला आपटून परत वर आली, उष्णता होती, वजन जास्त होतं, लिफ्ट गेली. पण मागं चिनूक हेलिकॉप्टरं जादा माणसं आणि तेल घेऊन थांबलेली होती. मोहीम थांबली नाही, सगळे परत आले. १९८० ला कमी पडलेली जादा मशीन २०११ ला होती.

आता पोरं म्हणतील काका आपलं काहीतरी सांगा. सांगतो. ३ नोव्हेंबर १९८८, मालदीव. श्रीलंकेतून आलेल्या भाडोत्री बंडखोरांनी माले शहरावर हल्ला केला, प्रेसिडेंट गयूम लपून बसले आणि भारताला मदत मागितली. आग्र्याहून ५० पॅरा ब्रिगेडची माणसं त्याच दिवशी संध्याकाळी दोन आयएल-७६ या मोठ्या मालवाहू विमानांत बसून निघाली. सकाळी हल्ला, त्याच रात्री दोन हजार किलोमीटरच्या पलीकडं समुद्रात आपले जवान उतरलेले. ऑपरेशन कॅक्टस. आणि त्यातली नकाशाची गोष्ट ऐका. उतरायचं होतं मालेशेजारच्या हुल्हुले बेटावर. प्लॅनिंग ज्या फोटोवर चाललं होतं तो फोटो निघाला गान बेटावरच्या धावपट्टीचा, म्हणजे पाचशे किलोमीटरच्या वर दक्षिणेला. आपले तिथले राजदूत बॅनर्जी त्या दिवशी नशिबानं दिल्लीत होते, त्यांनी बघून सांगितलं ही ती जागा नाहीच. मग त्यांनाच विमानात घेऊन गेले. ते दिल्लीत नसते तर काय झालं असतं याचा विचार मी बऱ्याच वेळा केलाय.

पहिलं विमान ग्रुप कॅप्टन अनंत बेवूर उडवत होते. रात्र, दोन्ही टोकांना समुद्र असलेली धावपट्टी, खाली दिवे बंद, विमानतळ कुणाच्या ताब्यात आहे याची खात्री फक्त ठरवून ठेवलेल्या एका शब्दावर. शब्द बरोबर आला, धावपट्टीचे दिवे काही सेकंद लावून परत बंद केले, तेवढ्यावर त्यांनी ते अवाढव्य विमान खाली टेकवलं. बंडखोरांनी विमानतळ आधी ताब्यात घेतला नाही ही त्यांची चूक, आणि आपण कोणतीही गोळी सुटायच्या आत जिंकायला लागलो ते तिथं. पॅरावाल्यांनी पुढचं काम उत्तम केलं, होड्या मिळवून मालेला गेले, पहाटेच्या आत गयूम सुरक्षित. पण एका दुपारीत दोन आयएल-७६ तयार करणं, माणसं, दारूगोळा, सामान कोणत्या क्रमानं आत जाईल ते ठरवणं (जे आधी लागणार ते शेवटी चढवायचं, हे साधं वाटतं पण घाईत उलटं होतं), तेल परतीचं धरून मोजणं, हे आग्र्याच्या टारमॅकवर ज्यांनी केलं त्यांची नावं मला कुठंच वाचायला मिळालेली नाहीत. मी शोधली.

रविवारी परत जाणार आहे अकॅडमीत. माझी जुनी टूलची पेटी आहे, आत फोममध्ये प्रत्येक पान्याच्या आकाराचा खड्डा कापलेला, कोणतं हत्यार नाही ते बघताक्षणी दिसतं. ती घेऊन जाईन. पोरांसमोर उघडून ठेवीन आणि त्यातलं एक आधीच काढून खिशात ठेवीन. बघू किती वेळानं कुणाच्या लक्षात येतं. ज्याच्या लक्षात येईल त्याच्याशी थोडा वेळ बाजूला बसून बोलायचं आहे, टेक्निकल ट्रेडची भरती कशी असते ते.